नदी आजारी पडली की आधी वस्ती आजारी पडते

आपल्या जिल्ह्याचे दोन भाग आपण बोलता बोलता करतो : घाटावरचा आणि घाटाखालचा. नद्यांचेही तसेच आहे. बुलढाण्याजवळ उगम पावणारी पैनगंगा मेहकरकडे जाते आणि तिचे पाणी अखेर बंगालच्या उपसागराला मिळते. नळगंगा मोताळा, मलकापूर करत पूर्णेला मिळते, पूर्णा चांगदेवजवळ तापीला मिळते आणि ते पाणी अरबी समुद्रात जाते. दिशा वेगळ्या असल्या तरी एक गोष्ट सारखी आहे. या नद्यांचे पाणी आपण पितो. बुलढाणा शहराला पैनगंगेवरच्या येळगाव धरणाचे पाणी मिळते, मलकापूरला धुपेश्वरजवळच्या पूर्णेचे. आणि शहरातली नाली शेवटी जाते तीही एखाद्या नदीतच.

या व्यवहारात सखल भागात राहणाऱ्याच्या वाट्याला सगळ्यात जास्त त्रास येतो. खेड्यात आपल्याला जागा मिळाली ती गावकुसाबाहेर. शहरात आलो तेव्हा परवडली ती नदीकाठची, नाल्याकाठची. म्हणून वरच्या भागातून नालीत जे सोडले जाते, ते पहिल्यांदा आपल्या दारावरून जाते. नदी स्वच्छ ठेवणे हा नुसता निसर्गप्रेमाचा विषय नाही, तो आपल्या लेकरांच्या पोटाचा विषय आहे.

नदी आजारी कशी पडते?

वाहत्या पाण्यात हवेतला प्राणवायू विरघळत असतो. त्यावर मासे जगतात आणि घाण खाऊन टाकणारे सूक्ष्म जीवही जगतात. थोडी घाण आली तर नदी ती स्वतःच पचवते. पण शहराचे सगळे सांडपाणी आणि संडासाचा मैला प्रक्रिया न करता तिच्यात सोडला, तर तो पचवण्यात सगळा प्राणवायू संपतो. मग पाणी काळे पडते, सडक्या अंड्यासारखा वास येतो, मासे मरतात.

घाण पचवायला पाण्यातला किती प्राणवायू लागतो, हे मोजता येते. एका लिटरमागे 3 मिलिग्रॅमपेक्षा जास्त लागत असेल, तर केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळ नदीचा तो पट्टा प्रदूषित धरते. मंडळाच्या 2022 च्या अहवालात देशभरात असे 311 पट्टे होते. त्यांतले 55 एकट्या महाराष्ट्रातले, म्हणजे कोणत्याही राज्यापेक्षा जास्त.

उन्हाळ्यात ही अवस्था आणखी बिघडते. पाणी जितके गरम, तितका त्यात प्राणवायू कमी मावतो. 20 अंशांच्या पाण्यात लिटरमागे सुमारे 9 मिलिग्रॅम मावतो, 30 अंशांच्या पाण्यात सुमारे साडेसात. घाटाखाली मे महिन्यात पारा 40 च्या पुढे असतो. त्यात बोअर खोल खोल गेल्यामुळे जमिनीतले जे पाणी झिरपून नदीला जिवंत ठेवायचे, ते आटते. नदीचे स्वतःचे पाणी संपते आणि पात्रात वाहते ते फक्त नालीचे पाणी.

हवामान बदलले म्हणजे नेमके काय झाले?

कोळसा, पेट्रोल, डिझेल जाळून हवेत जो वायू साठतो, त्यामुळे पृथ्वी तापते. तापमान 1 अंशाने वाढले की हवा सुमारे 7 टक्के जास्त बाष्प धरून ठेवते. ते बाष्प एकदम पडले की ढगफुटीसारखा पाऊस होतो. शास्त्रज्ञांच्या अभ्यासानुसार 1950 ते 2015 या काळात मध्य भारतात मोठ्या भागावर पडणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना तिपटीने वाढल्या. म्हणजे पावसात मोठा खंड पडतो आणि मग महिन्याचा पाऊस दोन दिवसांत कोसळतो. जुलै 2023 मध्ये जळगाव जामोद आणि संग्रामपूर तालुक्यांत आलेला पूर आपल्या जिल्ह्याने पाहिला आहे.

नदीकाठच्या वस्तीसाठी या दोन्ही गोष्टी मिळून धोका तयार होतो. लांबलेल्या उन्हाळ्यात पात्रात आणि नाल्यात मैला, कचरा, प्लास्टिक साचत जाते. मग जोराचा पाऊस येतो. पन्नी आणि बाटल्यांनी पुलाखालची मोरी तुंबते आणि नालीचे पाणी उलटे फिरून घरात शिरते. उन्हाळाभर नदीत टाकलेली घाण पाऊस एका रात्रीत परत आणून देतो.

दुसरा धोका डोळ्यांना दिसत नाही. आपल्या शहरांत नळ रोज येत नाही. पिण्याच्या पाण्याची पाइपलाइन कित्येक ठिकाणी नालीतूनच टाकलेली असते. पाणी बंद असताना पाइप रिकामा होतो आणि फुटक्या जोडातून नालीचे पाणी आत ओढले जाते. नळ आल्यावर पहिली धार गढूळ येते, ती यामुळे.

यातून कोणते आजार होतात?

मैला मिसळलेल्या पाण्यातून हगवण, गॅस्ट्रो, कॉलरा, टायफॉइड आणि कावीळ होते. गरोदर बाईला अशा पाण्यातून झालेली कावीळ जिवावर बेतू शकते. तिला लगेच सरकारी दवाखान्यात न्यावे.

पुराच्या पाण्यात उंदीर, जनावरे यांचे मूत्र मिसळलेले असते. पायाला जखम असताना त्या पाण्यातून चालले, तर लेप्टोस्पायरोसिस होऊ शकतो. जोराचा ताप, पोटऱ्या खूप दुखणे, डोळे लाल होणे ही त्याची लक्षणे. डॉक्टरांना ‘मी पुराच्या पाण्यात उतरलो होतो’ हे न विसरता सांगावे.

डेंग्यूचा डास मात्र नालीत नाही, घरातल्या साठवलेल्या स्वच्छ पाण्यात अंडी घालतो. नळ आठ-दहा दिवसांनी येतो म्हणून आपण ड्रम, टाके भरून ठेवतो. अंड्यापासून डास व्हायला साधारण आठवडाभर लागतो. म्हणून आठवड्यातून एक दिवस कोरडा दिवस पाळावा, भांडी रिकामी करून घासून कोरडी करावीत. जे रिकामे करता येत नाही, ते कापडाने घट्ट झाकावे.

घरात काय करावे?

नळाची पहिली काही मिनिटांची धार पिण्यासाठी भरू नये. ते पाणी संडासाला, धुण्याला वापरावे.

गढूळ पाण्यात तुरटी फिरवून गाळ बसू द्यावा, वरचे पाणी कापडाने गाळून घ्यावे आणि चांगली उकळी येईपर्यंत उकळावे. गॅस परवडत नसेल तर मेडिक्लोरचे थेंब बाटलीवर लिहिलेल्या प्रमाणात टाकून अर्धा तास थांबावे. नुसती तुरटी फिरवल्याने जंतू मरत नाहीत. माठात हात न बुडवता ओगराळ्याने पाणी काढावे.

जुलाब सुरू झाले की ओआरएसचे पाकीट एक लिटर स्वच्छ पाण्यात पूर्ण मिसळून थोडे थोडे पाजावे. ते पाणी 24 तासांनंतर वापरू नये. अंगावरचे दूध आणि जेवण बंद करू नये. लहान मुलांना झिंकच्या गोळ्या 14 दिवस द्याव्या लागतात. जुलाब थांबले तरी त्या मध्येच बंद करू नयेत. दोन्ही गोष्टी आशाताईंकडे आणि आरोग्य केंद्रात मोफत मिळतात. डोळे खोल गेले, लघवी कमी झाली, मूल सुस्त पडले किंवा शौचात रक्त दिसले तर वाट न पाहता दवाखाना गाठावा. 108 ची रुग्णवाहिका मोफत आहे.

आणि आपल्या हातून नालीत पन्नी, डायपर, जुने कपडे, उरलेल्या गोळ्या जाऊ नयेत. ओला आणि सुका कचरा वेगळा करून घंटागाडीतच द्यावा.

वस्तीने काय मागावे?

घरात कितीही काळजी घेतली, तरी शहराचा मैला नदीत जात राहिला तर आजार थांबत नाही. नाल्या साफ ठेवणे आणि सांडपाण्याची व्यवस्था करणे हे नगरपरिषदेचे कायद्याने ठरवून दिलेले काम आहे. 1974 चा जल प्रदूषण कायदा नदीत घाण सोडायला मनाई करतो. माहितीच्या अधिकारात 10 रुपयांच्या अर्जावर, आणि दारिद्र्यरेषेखालील कुटुंबाला विनाशुल्क, 30 दिवसांत उत्तर मागता येते. तीन प्रश्न विचारावेत. शहरातून रोज किती सांडपाणी निघते आणि त्यातल्या किती पाण्यावर प्रक्रिया होते? आपल्या प्रभागातला नाला पावसाळ्याआधी कधी साफ झाला? नळाच्या पाण्याची ओटी टेस्ट, म्हणजे क्लोरिनची तपासणी, आपल्या वस्तीच्या शेवटच्या नळावर शेवटची कधी केली? पाइपलाइन नालीतून वर उचलून घेण्याची मागणी लेखी द्यावी आणि पोच घ्यावी.

एक गोष्ट मात्र ठामपणे सांगायला हवी. नदी स्वच्छ करण्याच्या नावाखाली आपल्यातला कोणी गटारात किंवा सेप्टिक टँकमध्ये उतरता कामा नये. 2013 च्या कायद्याने हाताने मैला काढायला लावणे गुन्हा आहे. गटारातल्या मृत्यूसाठी वारसांना 30 लाख रुपये भरपाई द्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2023 मध्ये सांगितले. पण गेलेला माणूस भरपाईने परत येत नाही. टँक यंत्रानेच उपसला पाहिजे आणि टँकरवाल्याने तो मैला नाल्यात नव्हे, प्रक्रिया केंद्रावरच रिकामा केला पाहिजे.

वैनगंगेचे पाणी सव्वाचारशे किलोमीटरच्या कालव्याने नळगंगेच्या धरणापर्यंत आणण्याच्या प्रकल्पाला राज्य मंत्रिमंडळाने ऑगस्ट 2024 मध्ये मंजुरी दिली. दूरचे पाणी आले तर आनंदच आहे. पण जवळची नदी गटार बनून राहिली, तर आलेले पाणीही आपण वापरून पुन्हा त्याच गटारात सोडू.

धम्माची शिकवण

भिक्खूंच्या विनयात एक साधा नियम आहे : आजारी नसताना पाण्यात मलमूत्र करू नये, थुंकू नये. खालच्या काठावर ते पाणी कोणीतरी पिणार आहे, याची जाणीव त्या नियमातून आपण घ्यायची आहे. बाबासाहेबांनी 20 मार्च 1927 रोजी महाडला चवदार तळ्याचे पाणी प्राशन करून पाण्यावरचा माणसाचा हक्क सिद्ध केला. पुढे व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री असताना 1945 मध्ये कटकच्या परिषदेत त्यांनी पुराकडे पाहण्याची नवी दृष्टी दिली : जास्त पाणी हे संकट नसून न अडवलेली संपत्ती आहे. तेव्हाचा लढा पाण्याला हात लावण्याचा होता. आजचा लढा ते पाणी हात लावण्याजोगे राहावे यासाठी आहे.

आषाढी पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंत आपला वर्षावास असतो आणि आजारांचा हंगामही नेमका तोच. विहारात ग्रंथवाचनाला आपण रोज जमतोच. त्या तीन महिन्यांत दर रविवारी वाचनानंतर पंधरा मिनिटे काढावीत. कोणाच्या घरी जुलाब, ताप आहे, हे विचारावे. एकाच गल्लीत दोन-तीन घरी जुलाब निघाले, तर त्याच दिवशी आरोग्य केंद्राला कळवावे. पाइप तिथेच कुठेतरी फुटलेला असतो. विहारात ओआरएसची पाकिटे आणि मेडिक्लोर ठेवावे. महिला मंडळाने कोरड्या दिवसाची आठवण करून द्यावी आणि तरुणांनी नगरपरिषदेच्या अर्जाचा पाठपुरावा करावा. एवढे झाले तरी पुढच्या पावसाळ्यात वस्तीतली काही लेकरे सलाइनपासून वाचतील.

जय भीम! नमो बुद्धाय!