भिवंडी-लोणाडची पायवाट आणि मुंबईचें वस्तुसंग्रहालय

भिवंडी म्हटलें म्हणजे आज वाचकांच्या मनांत यंत्रमाग येतात, नाहीं तर मुंबई-नाशिक रस्त्याच्या दोहों बाजूंस पसरलेलीं गोदामें येतात. प्राचीन अवशेष पाहण्यासाठीं भिवंडीस जावें असें सहसा कोणी म्हणत नाहीं. तथापि उत्तर कोंकणच्या शिलाहारांचा अभ्यास करणारास या तालुक्याएवढे उपयुक्त तालुके थोडेच आढळतील. जाणता वाटाड्या बरोबर घेऊन शहरें पायीं फिरावीं व संग्रहालयें त्याच्याकडून समजावून घ्यावीं, ही रीत अलीकडे बरीच रूढ झाली आहे. चार-पांच मंडळींपुरतीं अशीं खाजगी दर्शनें मोबदला घेऊन करविणारे लोकही आतां मिळतात. या रीतीचा उपयोग जुन्या वस्तूंच्या व हस्तलिखितांच्या नादी माणसानें कसा करून घ्यावा, कोणत्या क्रमानें काय पाहावें, आणि वाटाड्याच्या सांगण्यांतलें कोणतें पदरांत घ्यावें व कोणतें तेथेंच सोडून यावें, हें भिवंडीचें उदाहरण घेऊन येथें सांगण्याचें योजिलें आहे.

पहिला प्रश्न क्रमाचा. बहुतेक लोक अगोदर मुंबईचें वस्तुसंग्रहालय पाहतात व सवड उरलीच तर बाहेर पडतात. आमच्या मतें हा क्रम उलटा असावा. संग्रहालयांतील शिळा आपल्या शेताच्या बांधापासून, देवळापासून व तळ्यापासून तुटलेली असते. तिच्यावर कोरलेलें गांवाचें नांव हा तेथें केवळ एक शब्द होऊन राहतो. ज्यानें तें गांव पायांखालीं घातलें आहे त्यालाच तो शब्द बोलका होतो.

याला उत्तम साक्ष अपराजित शिलाहाराच्या भादाण्याच्या ताम्रपटाची आहे. हा ताम्रपट भिवंडीच्या उत्तरेकडील भेरे या गांवीं सांपडला आणि कीलहॉर्न यांनीं तो ‘एपिग्राफिया इंडिका’च्या तिसऱ्या खंडांत छापला. त्याचा काळ शक ९१९, म्हणजे इ. स. ९९७. लवणेतट येथील लोणादित्य देवाच्या पूजेअर्चेसाठीं राजानें भादाणें हें गांव दिलें, असें त्यांत आहे. लवणेतट म्हणजे आजचें लोणाड. देवाचें गांव व इनामाचें गांव हीं दोन्ही आपापलीं जुनीं नांवें थोड्याशा फरकानें अंगावर बाळगून भिवंडी तालुक्यांत अद्याप नांदत आहेत, आणि चालणारास एका दिवसांत तीं दोन्ही पाहून येतां येतें. हजार वर्षांपूर्वींच्या दानपत्रांतील दाता, देव व गांव यांचा संबंध असा पायांनीं मोजतां यावा, ही संधि सर्वत्र मिळत नाहीं.

या ताम्रपटाचें दुसरेंही एक महत्त्व आहे, आणि तें वाटाड्यानें अवश्य सांगावें. शिलाहार हे राष्ट्रकूटांचे मांडलिक. तैलपानें राष्ट्रकूटांचें राज्य बुडविल्यास इ. स. ९९७ मध्यें वीस वर्षें उलटून गेलीं होतीं. तरीही अपराजित आपल्या दानपत्रांत त्या बुडालेल्या घराण्याची वंशावळ आदरानें सांगतो आणि तैलपाच्या हातून झालेल्या त्याच्या नाशाचा उल्लेख करतो. नव्या धन्याचें नांव मात्र मस्तकीं धारण करीत नाहीं. राजकारणाची ही छटा ताम्रपटाच्या गोषवाऱ्यांत हरवते. मूळ वाचलें म्हणजे ती लक्षांत येते.

लोणाड भिवंडीच्या आग्नेयेस पांच-सहा मैलांवर आहे. तेथें पाहण्यासारखीं स्थळें तीन : पडकें शिवमंदिर, डोंगरांतलें लेणें आणि आसपासच्या लेखशिळा. शिवमंदिर दाखवितांना पुष्कळ वाटाडे हेंच तें ताम्रपटांतलें देऊळ असें ठोकून देतात. हें आम्हांस मान्य नाहीं. ‘लोणादित्य’ हें नांव उघड उघड आदित्याशीं जोडलेलें आहे; समोरचें देऊळ शिवाचें आहे. गांव एक म्हणून देव एक, हा तर्क फार घाईचा होय. मंदिराच्या पडक्या भागांतील शिल्पें मात्र सावकाश पाहावीं. अंबरनाथच्या कामाशीं त्यांची तुलना करण्याजोगी आहे.

डोंगरांतील लेणें बौद्धांचें आहे. आज तेथें खंडेश्वरी देवीचें ठाणें असल्यामुळें लोक त्याला त्याच नांवानें ओळखतात. ओसरीच्या बाजूस मानवी आकृतींचा एक शिल्पपट आहे. त्यांत आसनस्थ राजा व त्याचा परिवार दिसतो. लेण्याचें काम पुरें झालेलें नाहीं, आणि आम्हांस तोच त्याचा विशेष वाटतो. छिन्नीचे घाव कोठें थांबले हें अर्धवट कामावरच दिसतें; घोटून गुळगुळीत केलेल्या भिंती याविषयीं मुक्या असतात.

आतां लेखशिळांकडे वळूं. लोणाडच्या नैर्ऋत्येस सुमारें मैलभर अंतरावर सन १८८२ मध्यें दुसऱ्या अपरादित्याची शक ११०६ ची शिळा मिळाली. जवळच चौधरपाडा येथील शक ११६१ ची शिळा केशिदेवाची असून तींत ब्रह्मपुरी या गांवाच्या दानाचा उल्लेख आहे. म्हणजे भादाण्याच्या ताम्रपटापासून केशिदेवापर्यंत सुमारें अडीचशें वर्षें शिलाहारांची दानें या एवढ्याशा टापूंत पडत राहिलीं. ठाणें ही राजधानी जवळ, कल्याण हें बंदर जवळ, आणि मागें घाटाकडे जाणारी व्यापाराची वाट. हा भाग दानें देण्याजोगा कां ठरला हें डोंगरावर उभें राहून चोहोंकडे नजर फिरविली म्हणजे बरेंचसें उलगडतें.

या भागांत व एकंदर उत्तर कोंकणांत गद्धेगळ फार. वरच्या भागीं चंद्र-सूर्य, मधें लेख, आणि खालीं गाढव व स्त्री यांचें बीभत्स चित्र, अशी यांची सामान्य घडण. चंद्र-सूर्य म्हणजे दान तोंवर चालावें; खालचें चित्र म्हणजे जो हें मोडील त्याच्या कुळास शिवी. सभ्य मंडळी बरोबर असली कीं वाटाडे या दगडापाशीं घुटमळतात, अर्थ गिळतात आणि पुढें चालूं लागतात. संकोच करण्याचें यांत कांहीं कारण नाहीं. ज्यांस अक्षर येत नव्हतें त्यांच्यासाठीं तें चित्र आहे. संस्कृत शापश्लोक ब्राह्मणास कळे, गाढव सर्वांस कळे. राजशासनाची अशी उघड प्राकृत बाजू अन्यत्र क्वचित् दिसते. पुढें अर्थ विसरला तेव्हां लोकांनीं याच दगडांस शेंदूर फासून देव केलें. शेंदरानें लेख झांकले हें खरें, पण त्याच शेंदरानें पुष्कळ दगड फुटण्यापासून वांचले हेंही खरें.

वाटाड्याच्या कथांविषयीं एक कसोटी सांगतों. अंबरनाथचें देऊळ पांडवांनीं एका रात्रींत बांधलें ही कथा सर्वतोमुखीं आहे. ती ऐकावी, टिपूनही घ्यावी. लोकसमजूत हाही इतिहासाचाच कागद आहे. परंतु त्यानंतर उत्तर दाराच्या तुळईवरील लेख दाखविल्यावांचून वाटाड्यास सोडूं नये. या लेखाचें वर्ष डॉ. भाऊ दाजी लाड यांनीं प्रथम शक ७८२ असें वाचलें. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं तें ९८२ ठरविलें, आणि माम्वाणि शिलाहाराच्या काळाशीं तेंच जुळतें. एका अंकानें दोनशें वर्षांचा फरक पडला! भाऊ दाजींच्या थोरवीस यानें कांहीं उणेपणा येत नाहीं. मात्र जो वाटाडा नुसतें ‘हजार वर्षांचें देऊळ’ म्हणून पुढें सरकतो, तो यांतली सर्व मौज घालवितो.

भिवंडी शहरांत शिरल्यावर असाच एक सांपळा आहे, तो ‘इस्लामाबाद’ या नांवाचा. मुसलमानी अमदानींत कल्याणास हें नांव होतें असें ठाणें जिल्ह्याच्या १८८२ च्या गॅझेटियरांत म्हटलें आहे, व त्यावरून भिवंडीसही तें लावण्यांत येतें. परंतु शाएस्तेखानानें १६६० मध्यें चाकण घेतल्यावर त्यासही इस्लामाबाद हेंच नांव दिलें. औरंगजेबाच्या काळीं मथुरा इस्लामाबाद झाली. आणि तिकडे पूर्वेस चाटगांवही इस्लामाबाद झालें. तेव्हां फारसी कागदावर किंवा नाण्यावर हें नांव दिसतांच तो कागद भिवंडीचा समजून विकत घेणाऱ्या संग्राहकानें आधीं तारीख, अंमलदाराचें नांव व परगणा पाहावा.

शहराची पायीं फेरी नदीकांठापासून सुरू करावी. कामवारी नदी आज अरुंद व मलिन दिसते. तिच्याकडे पाहून येथें बंदर होतें हें खरें वाटत नाहीं. पण ती खाडीला मिळते, आणि खाडीनें वसईपर्यंत वाट आहे. शिवाजी महाराजांनीं १६५७ च्या आक्टोबरांत कल्याण-भिवंडी घेतली. १६५९ मध्यें कल्याण, भिवंडी व पनवेल या भागांत ते लढाऊ गलबतें बांधीत असल्याचें गोव्याच्या पोर्तुगीज अधिकाऱ्यांनीं लिस्बनास कळविलें. मराठ्यांच्या आरमाराचा हा फार जुना लेखी उल्लेख आहे. अमुक जागींच तीं गलबतें बांधलीं, असें बोट करून सांगणाऱ्यास पुरावा विचारावा; या पत्रांत गोदीची जागा दिलेली नाहीं.

पुढें दिवाणशाहाचा दर्गा, कोंकणी मुसलमानांचे जुने मोहल्ले व मागवाल्यांची वस्ती. १८५७ नंतरच्या काळांत उत्तर हिंदुस्थानांतून मोमीन विणकर येथें आले. त्यांचे हातमाग पुढें यंत्रमाग झाले. या गल्ल्यांतून चालतांना मागांचा खडखडाट इतका असतो कीं वाटाड्याचें बोलणें ऐकूं येत नाहीं. थांबण्याच्या जागा त्यानें अगोदरच हेरून ठेवाव्या. अशा जुन्या पेठांतील घरांतून फारसी, उर्दू व मोडी कागद एकाच पेटींत निघण्याचा संभव असतो. हस्तलिखितांच्या संग्राहकांस आमची विनंति एवढीच कीं, फिरतां फिरतां कागद मागूं नयेत. एकदां नुसती ओळख करावी, दुसऱ्यांदा छायाचित्रें घेण्याची परवानगी मागावी, आणि मूळ कागद घरच्या पेटींतच राहूं द्यावेत. १९७२ च्या पुरावस्तु कायद्याप्रमाणें ऐतिहासिक वा वाङ्मयीन मोलाचें हस्तलिखित पंचाहत्तर वर्षांचें झालें कीं पुरावस्तु ठरतें. इतर वस्तूंस ही मुदत शंभर वर्षांची आहे. अशी वस्तु खाजगी माणसास परदेशीं पाठवितां येत नाहीं.

यानंतर मुंबई. छत्रपति शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाचा पाया ११ नोव्हेंबर १९०५ रोजीं घातला गेला. जॉर्ज विटेट यांनीं आंखलेली इमारत पहिल्या महायुद्धांत लष्करी रुग्णालय म्हणून वापरली गेली, व संग्रहालय लोकांस खुलें झालें तें १० जानेवारी १९२२ रोजीं. येथें सर्व दालनें एका दिवसांत पाहण्याचा हट्ट धरूं नये. भिवंडीहून आलेल्या मंडळीनें सोपाऱ्याच्या अशोकलेखाच्या तुकड्यांपाशीं तासभर तरी बसावें. आठव्या लेखाचा तुकडा भगवानलालांस १८८२ मध्यें मिळाला. नवव्याचा १९५६ मध्यें जवळच्या भुईगांवीं सांपडला. एकाच शासनाच्या दोन तुकड्यांमधें शोधाचीं चौऱ्याहत्तर वर्षें गेलीं. याच भगवानलालांनीं सोपाऱ्याचा स्तूप उघडून त्यांतून तांबें, रुपें, दगड, स्फटिक व सोनें यांचे एकांत एक बसविलेले करंडक काढले. ते एशियाटिक सोसायटीकडे आहेत.

दगड हलवावा कीं जागीं ठेवावा, हा वाद याच फेरींत डोळ्यांनीं पाहतां येतो. परळचें प्रचंड शिवशिल्प १९३१ मध्यें सांपडलें. तें परळासच पूजेंत आहे आणि संग्रहालयांत त्याचा ठसा उभा आहे. उलट घारापुरीचा दगडी हत्ती १८६४ मध्यें विलायतेस नेण्याच्या खटपटींत कोसळून फुटला, व जोडून उभा केलेला तो आज भायखळ्यास डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाशेजारीं आहे. आमचा कौल परळच्या बाजूस पडतो. तथापि भिवंडीच्या बाबतींत हा कौल जसाच्या तसा लावतां येत नाहीं. येथें गोदामांसाठीं शेतें सपाट होत आहेत. बांधावरचा दगड भरावांत गेला तर तो जागींही राहत नाहीं व संग्रहालयांतही जात नाहीं. म्हणून फेरीस जाणाऱ्या प्रत्येक मंडळीनें दिसलेल्या प्रत्येक शिळेची जागा, मोजमाप, तोंड कोणत्या दिशेस आहे तें, व आजच्या मालकाची संमति घेऊन छायाचित्र, एवढें टिपून पुरातत्त्व खात्यास कळवावें. लेखावर खडू, तेल वा पीठ चोळूं नये. ओला कागद कुंच्यानें ठोकून शाईचा ठसा घेणें हें शिकलेल्या हाताचें काम आहे, आणि संरक्षित स्मारकांवर तें परवानगीवांचून करूं नये. सकाळच्या पहिल्या प्रहरीं किंवा सूर्य मावळतीस आल्यावर तिरपा प्रकाश पडतो, तेव्हां झिजलेलें अक्षरही उठून दिसतें. दुपारीं एखाद्या आरशानें उन्हाची तिरीप दगडावर टाकली तरी काम भागतें.

पावसाळ्यांत गवत कमरेइतकें वाढतें व शिळा दिसत नाहींत. मार्गशीर्षापासून माघापर्यंतचा काळ बरा. भिवंडीस वसई-दिवा मार्गावर स्थानक आहे, पण गाड्यांची सोय कल्याणास अधिक. तेथून लोणाडास वाहनानें जाऊन पुढें पायीं निघावें. मंडळी पांचांहून अधिक नसावी. लेण्याच्या ओसरींत शिल्पपटासमोर त्याहून अधिक माणसें उभीं राहिलीं कीं मागच्यांस कांहींच दिसत नाहीं.