शेवटची दहा वर्षे कोणासाठी?

'श्यामची आई' 1935 साली प्रसिद्ध झाली आणि 31 डिसेंबर 2010ला तिच्यावरचा कॉपीराइट संपला. एकूण 75 वर्षे. 'व्यक्ती आणि वल्ली' 1962चे. त्याचा हक्क 2060च्या अखेरपर्यंत, म्हणजे 98 वर्षे. कायदा एकच, 1957चा. लेखक हयात असेपर्यंत आणि त्याच्या मृत्यूच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षे हक्क राहतो. साने गुरुजी 1950 मध्ये गेले, पु. ल. 2000 मध्ये, फरक पडला तो त्यामुळे. बहिणाबाईंचा हिशोब आणखी निराळा. त्या 1951 मध्ये गेल्या, कविता छापून आल्या 1952 मध्ये. मरणोत्तर साहित्याची 60 वर्षे प्रकाशनापासून मोजतात, म्हणून 2012 अखेर.

हे 60 आले कुठून? मूळ कायद्यात 50च होती. कॉपीराइटचा आंतरराष्ट्रीय बर्न करारही तेवढीच मागतो. रवींद्रनाथ ठाकूर 1941 मध्ये गेले, हक्क विश्वभारतीकडे होते आणि ते 1991 अखेर संपणार होते. मुदत संपता संपता वटहुकूम निघाला, 1992 मध्ये दुरुस्ती झाली. एका लेखकासाठी देशातल्या सगळ्यांनाच दहा वर्षे वाढवून मिळाली!

या दहा वर्षांचा फायदा कोणाला? निधनानंतर पन्नास वर्षांनीही ज्यांची पुस्तके खपतात, अशा मोजक्या लेखकांच्या वारसांना. बाकीच्यांची पुस्तके बाजारात नसतात, वारस चार गावी पांगलेले, आणि परवानगी कोणाकडे मागायची हेच कळत नाही. ग्रंथालयाने अशी जुनी प्रत स्कॅन करून सर्वांना खुली करायची म्हटली, तरी हात आखडतो.

हयात लेखकाच्या खऱ्या कामाचे कलम वेगळेच आहे. करारात मुदत लिहिलेली नसेल, तर हक्क फक्त 5 वर्षांसाठी दिला असे कायदा मानतो. त्याची चर्चा मात्र क्वचितच होते.

माझ्या मते पहिली 50 वर्षे सर्वांना द्यावीत, पुढची दहा मागणाऱ्यालाच. वारसाने नाव-पत्ता नोंदवावा, नाममात्र शुल्क भरावे. नोंदणीची अट नको, हा बर्नचा नियम परदेशी साहित्यापुरता आहे. आपल्या लेखकांबाबत निर्णय आपल्या संसदेचा. अशी सोय असती, तर 1969 मध्ये गेलेल्या अण्णा भाऊ साठे आणि अत्रे यांच्या वारसांना 2019 मध्ये एक अर्ज करून 2029 अखेरपर्यंतचा हक्क राखता आला असता. त्याच वर्षी गेलेल्या, ज्यांच्यासाठी कोणीच अर्ज केला नसता, अशा लेखकांची पुस्तके 1 जानेवारी 2020 पासून कोणालाही छापता आली असती.