कमी दिवसांच्या बाळाचं रक्त का उतरतं? चिल्ल्याच्या चाळीस दिवसांत चुकवू नये अशी एक तपासणी

बाळ सातव्या-आठव्या महिन्यात जन्मतं, काही आठवडे काचेच्या पेटीत राहतं, वजन जरा सावरतं आणि एकदाचं घरी येतं. घरात अल्लाहचे शुक्र अदा होतात, नानी-दादी नजर काढतात, अकिक्याची बोलणी सुरू होतात. डिस्चार्जच्या कागदावर खाली कुठेतरी एक ओळ लिहिलेली असते, 'चार आठवड्यांनी एचबी तपासणे'. ती ओळ बहुतेक घरांत कुणी वाचत नाही. वाचली तरी "अजून चिल्ला झाला नाही, बाळंतिणीला आणि एवढ्याशा जिवाला बाहेर कसं न्यायचं?" म्हणून तारीख पुढे ढकलली जाते. विजापूर वेशीपासून नई जिंदगीपर्यंत आपल्या वस्त्यांमध्ये हे आम्ही पुन्हा पुन्हा पाहतो. आणि अडचण अशी की कमी दिवसांच्या बाळाचं रक्त सगळ्यात खाली उतरतं ते नेमकं याच दिवसांत.

गर्भाचे ३७ आठवडे पूर्ण व्हायच्या आत जन्मलेल्या बाळाला डॉक्टर 'प्रीमॅच्युअर' म्हणतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार २०२० साली जगात सुमारे १ कोटी ३४ लाख बाळं अशी जन्मली, त्यातली ३० लाखांच्या आसपास एकट्या भारतातली. म्हणजे हा प्रश्न कुणा एका घराच्या नशिबाचा नाही. आपल्याकडे एक समज आहे की सातव्या महिन्याचं बाळ जगतं आणि आठव्याचं जगत नाही. यात काही तथ्य नाही. आईच्या पोटात मिळालेला प्रत्येक जादा आठवडा बाळाच्या फायद्याचाच असतो, आणि रक्ताच्या बाबतीत तर हे अगदी हिशेबाने दाखवता येतं.

पोटात असताना बाळाला ऑक्सिजन बेताचाच मिळतो. म्हणून त्याचं हिमोग्लोबिन आपल्यापेक्षा जास्त असतं. जन्मल्यावर फुफ्फुसं हवा भरून घेतात, ऑक्सिजन भरपूर होतो आणि शरीर रक्त बनवण्याचं काम थोडे दिवस बंद ठेवतं. हे प्रत्येक बाळात होतं. पूर्ण दिवसांच्या बाळाचं हिमोग्लोबिन ८ ते १२ आठवड्यांत १० ते ११ च्या आसपास उतरतं आणि मग आपोआप चढू लागतं. त्याला आजार म्हणत नाहीत. कमी दिवसांच्या बाळात मात्र ही उतरण लवकर येते आणि खोल जाते. चौथ्या ते आठव्या आठवड्यात आकडा ७ ते ९ पर्यंत येऊ शकतो. जितकं बाळ लहान, तितका आकडा खाली.

याला चार-पाच कारणं एकत्र येतात. रक्त बनवायचा हुकूम देणारं एक संप्रेरक असतं, एरिथ्रोपोएटिन. मोठ्या माणसात ते मूत्रपिंडात तयार होतं, पोटातल्या बाळात मुख्यतः यकृतात. यकृताला रक्त कमी झाल्याची खबर उशिरा लागते. दिवस भरायच्या आधी बाहेर आलेल्या बाळाचं काम अजून यकृतावरच चाललेलं असतं, त्यामुळे रक्त उतरत असतानाही हुकूम सुटत नाही. त्यात त्याच्या लाल पेशी लवकर मरतात. आपल्या पेशी १२० दिवस टिकतात, या बाळांच्या साधारण ४० ते ६०. शिवाय बाळ झपाट्याने वाढतं. दोन-अडीच महिन्यांत वजन दुप्पट होतं, पण रक्त त्या वेगाने बनत नाही, म्हणजे आहे तेच रक्त पातळ होत जातं.

आणखी एक कारण दवाखान्यातलं आहे. एक किलोच्या बाळाच्या अंगात सगळं मिळून ९० मिलिलिटरच्या आसपास रक्त असतं, एक कटिंग चहा म्हणा ना. तपासणीसाठी त्यातलं १ मिलिलिटर काढणं म्हणजे मोठ्या माणसाचं ५०-५५ मिलिलिटर एका वेळी काढण्यासारखं. आजारी बाळाच्या तपासण्या टाळता येत नाहीत, पण "आज कोणती तपासणी आहे, कशासाठी, दोन एकत्र होतील का?" हे नम्रपणे विचारायचा आई-बापाला हक्क आहे. चांगले डॉक्टर स्वतःच कमीत कमी रक्त घेतात आणि किती घेतलं त्याची नोंद ठेवतात.

आता लोहाचं. आई बाळाला जे लोह देते, त्यातलं बहुतेक शेवटच्या तीन महिन्यांत देते. बाळ सातव्या महिन्यात बाहेर आलं तर ती शिदोरी अर्धवटच राहते. मात्र एक गोष्ट नीट समजून घ्यायला हवी. पहिल्या दोन महिन्यांतली घसरण ही मुख्यतः त्या न सुटलेल्या हुकुमाची आहे, नुसतं लोह देऊन ती थांबत नाही. लोहाची खरी कमतरता त्यानंतर दिसते, जेव्हा शरीर रक्त बनवायला लागतं आणि कोठीत माल नसतो. म्हणून लोहाचे थेंब आधीपासून सुरू करतात, पुढच्या महिन्यांची सोय म्हणून. "थेंब देऊनही रक्त वाढलं नाही" म्हणून मध्येच बंद करणाऱ्या घरांचं चुकतं ते इथेच.

बाळाचं रक्त कमी निघालं की घरात पहिलं बोट सुनेकडे जातं, "हिने नीट खाल्लं नाही." हे अन्यायाचं आहे. वर सांगितलेली कारणं आईने काय खाल्लं यावर ठरत नाहीत. हां, आईला तीव्र रक्तक्षय असेल तर बाळ लवकर होण्याचा धोका वाढतो आणि बाळाची लोहाची शिदोरीही कमी पडते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के बायकांमध्ये रक्त कमी आढळलं. निम्म्याहून जास्त बायका अशा असतील तर ती घराची, समाजाची आणि सरकारची गोष्ट झाली, एका सुनेची नव्हे.

सोलापुरात आणखी एक गोष्ट बोलायला हवी, ती म्हणजे तंबाखू. इथे हजारो बायका घरी बसून विड्या वळतात. दिवसभर तंबाखू हातात आणि तिची धूळ नाकात. अनेक घरांत मिश्रीही चालते, "दात दुखतात म्हणून लावते" असं सांगत. मुंबईत डॉ. प्रकाश गुप्ता आणि सहकाऱ्यांनी तोंडातून तंबाखू घेणाऱ्या गरोदर बायकांचा अभ्यास केला, तो २००४ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये छापून आला. त्यात मिश्रीही होती. अशा आयांची बाळं सरासरी १०५ ग्रॅमने हलकी होती आणि दिवस भरण्याआधी बाळंत होण्याचं प्रमाणही जास्त होतं. विडीचं काम पोटासाठी आहे, ते सोडा असं सांगणं सोपं नाही. पण मिश्री सोडता येते, आणि गरोदरपणात तंबाखूचं सूप घरातल्या दुसऱ्या कुणी तरी घ्यावं एवढं तरी करता येतं.

रक्त चढवायचं की नाही?

उपचाराची सुरुवात खरं तर जन्माच्या क्षणीच होते. बाळ बाहेर आल्यावर नाळ लगेच न कापता निदान एक मिनिट थांबलं, तर वारेतलं बरंच रक्त बाळाकडे येतं. कमी दिवसांच्या बाळांना याचा फायदा जास्त, पुढे रक्त चढवायची गरज कमी पडते. बाळ श्वास घेत नसेल तर गोष्ट वेगळी, तेव्हा डॉक्टर ठरवतात. प्रसूतीआधी हे डॉक्टरांना विचारून ठेवायला हरकत नाही.

नंतर प्रश्न येतो रक्त चढवण्याचा, आणि इथे घरं घाबरतात. आकडा ८ आला म्हणजे लगेच रक्त, असं नसतं. बाळ ऑक्सिजनवर आहे का, किती दिवसांचं आहे, वजन वाढतंय का, श्वास मध्येच थांबतोय का, हे सगळं पाहून ठरतं. दूध ओढणारं, वाढणारं, ऑक्सिजनशिवाय असलेलं बाळ ७-८ वर आलं तरी अनेकदा नुसतं लक्ष ठेवतात. अमेरिकेत १८२४ अतिलहान बाळांवर झालेल्या आणि २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असं दिसलं की जरा लवकर, जास्त आकड्यावर रक्त चढवल्याने दोन वर्षांनंतर बाळांची वाढ किंवा बुद्धी अधिक चांगली होते असं नाही. म्हणून डॉक्टर "थांबू या" म्हणाले तर ते हयगय करतायत असं समजू नये. आणि "चढवावं लागेल" म्हणाले तर उशीर करू नये. साधारण किलोमागे १० ते २० मिलिलिटर लाल पेशी तीन-चार तासांत सावकाश देतात. भारतात प्रत्येक पिशवीची एचआयव्ही, कावीळ ब आणि क, गुप्तरोग आणि मलेरियासाठी तपासणी सक्तीची आहे. एरिथ्रोपोएटिनची इंजेक्शनंही असतात, पण ती सरसकट देत नाहीत.

बाप म्हणतो, "माझंच रक्त घ्या, डॉक्टर." भावना समजते. पण आई-बाप, भाऊ-बहीण यांचं रक्त बाळाला थेट देणं शक्यतो टाळतात. जवळच्या नात्यातल्या पेशी बाळाचं शरीर परक्या म्हणून ओळखत नाही, त्या टिकून राहून बाळावरच उलटू शकतात. हा प्रकार दुर्मीळ आहे पण जीवघेणा आहे. आईच्या रक्तात बाळाच्या पेशींविरुद्ध घटक असू शकतात, ते वेगळंच. त्यापेक्षा बापाने रक्तपेढीत रक्तदान करावं, ते दुसऱ्या कुणाच्या कामी येतं. आपल्याकडे ईद-ए-मिलादला शिबिरं होतात, ते चांगलंच. पण रक्ताची टंचाई जाणवते ती मे महिन्यात.

दीनच्या बाजूने दोन शंका हमखास विचारल्या जातात. गरज असताना दुसऱ्याचं रक्त घेणं जायज आहे, यावर उलेमांचं साधारण एकमत आहे. दुसरी शंका, रक्त दिल्याने रजाअतसारखं नातं लागतं का? तर नाही. दुधाचं नातं दुधानेच लागतं. रक्त देणाऱ्याच्या घरात पुढे निकाहाला अडचण येत नाही. तरी मनात काही राहिलं असेल तर आपल्या मुफ्तीसाहेबांना विचारावं, पण रक्त चढवणं तोवर अडवून ठेवू नये.

खर्चाचंही सांगतो. जननी शिशु सुरक्षा कार्यक्रम २०११ पासून आहे. सरकारी रुग्णालयात आजारी नवजात बाळाची तपासणी, औषधं, रक्त आणि ने-आण मोफत आहे. आधी ही सोय ३० दिवसांपर्यंत होती, नंतर एक वर्षाच्या बाळापर्यंत वाढवली. सोलापुरात सिव्हिल म्हणजे छत्रपती शिवाजी महाराज सर्वोपचार रुग्णालय आहे, वैशंपायन स्मृती मेडिकल कॉलेजला जोडलेलं. बाहेरून रक्त विकत आणा असं कुणी सांगितलं तर या योजनेचं नाव घेऊन विचारा.

घरी आल्यावर

लोहाचा डोस वजनावर असतो, साधारण किलोमागे रोज २ ते ४ मिलिग्रॅम. १ किलो ८०० ग्रॅमच्या बाळाला २ च्या हिशेबाने ३.६ मिलिग्रॅम. तेच बाळ ३ किलोचं झालं की ६. म्हणजे दर महिन्याला वजन करून डोस बदलून घ्यावा लागतो. जुनाच चालू ठेवला तर तो न दिल्यात जमा होत जातो. प्रत्येक कंपनीच्या बाटलीत लोहाचं प्रमाण वेगळं असतं, तेव्हा नणंदेच्या बाळाची उरलेली बाटली वापरू नका. जास्त लोह लहान बाळाला विषासारखं असतं, बाटली मोठ्या भावंडांच्या हाताला लागणार नाही अशी ठेवा. शी काळपट होते, त्याला घाबरायचं नाही. ज्या बाळाला बऱ्याचदा रक्त चढवलंय त्याच्या अंगात त्या रक्तातूनही लोह गेलेलं असतं, त्याचे थेंब कधी सुरू करायचे ते डॉक्टर तपासून सांगतात. अंगणवाडीतून ६ महिन्यांनंतर मिळणारं लोहाचं सिरप हे सगळ्या मुलांसाठी आहे. आपलं बाळ तोवर थांबू शकत नाही, त्याचे थेंब दुसऱ्या आठवड्यापासून ते दुसऱ्या महिन्यापर्यंत कधीतरी सुरू होतात आणि बहुधा वर्षाचं होईपर्यंत चालतात.

बाळ सावळं असेल तर फिकेपणा चेहऱ्यावर कळत नाही. तळहात, तळपाय, ओठांची आतली बाजू आणि जीभ बघा. दूध पिताना दमणं, घाम येणं, चार घोट घेऊन झोपून जाणं, शांत असतानाही मिनिटाला ६० पेक्षा जास्त श्वास, आठवडाभर वजन जागच्या जागी, यातलं काही दिसलं तर तारखेची वाट बघू नका. श्वास थांबला किंवा ओठ निळे पडले तर लगेच १०८.

आशाताई घरी येतात ते ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी. या घरभेटींची मुळं आपल्याच राज्यात आहेत. गडचिरोलीत डॉ. अभय आणि राणी बंग यांनी नवजात बाळांची घरोघरी काळजी घेण्याचं काम उभं केलं आणि १९९९ मध्ये लॅन्सेटमधून ते जगापुढे ठेवलं. आशाताई वजन करतील, श्वास मोजतील, पण एचबी घरी होत नाही. त्यासाठी बाहेर पडावंच लागतं. निफासचे ४० दिवस ही हनफी मसलकात कमाल मुदत आहे, नमाजाच्या सवलतीसाठी. दवाखान्यात जायला त्याने बंदी होत नाही. आणि याच फेरीत, जन्मापासून चार आठवड्यांच्या आत, बाळाच्या डोळ्यांचा पडदाही तपासून घ्यायचा असतो. तो खराब झाला तर दृष्टी कायमची जाऊ शकते.

घुट्टी, मध, गाईचं दूध यातलं काही नको. तहनीक करायची इच्छा असेल तर बाळ स्वतः दूध ओढू लागेपर्यंत थांबा आणि डॉक्टरांना विचारून खजुराचा अगदी थोडा अंश तेवढा लावा. सुरमा तर अजिबात घालू नका. बाजारातल्या कित्येक सुरम्यांत शिसं असतं आणि शिसं अंगात गेलं की ते रक्त बनण्याच्याच आड येतं. आईचं दूध चालूच ठेवायचं, त्यासाठी रमजानचे रोजे पुढे ढकलायची मुभा तिला शरियतने दिलेली आहे, ती घेताना अपराधी वाटून घेऊ नये.

सहा महिन्यांनंतर, डॉक्टरांनी वरचं अन्न सुरू करायला सांगितलं की मऊ डाळ-भाताबरोबर बारीक केलेला खिमा, कलेजी, अंड्याचा बलक, नाचणीची लापशी यायला हवी. लिंबाचे दोन थेंब पिळले तर डाळीतलं लोह जास्त लागू पडतं. चहा मात्र नाही, बशीत गार केलेला सुद्धा नाही. वर्षाच्या आसपास पुन्हा एकदा एचबी बघतात. तेव्हाही आकडा कमीच असेल आणि लोह नियमित दिलेलं असेल तर डॉक्टर थॅलेसेमियाची तपासणी सांगू शकतात. नात्यात लग्नं झालेल्या घरांनी ती टाळू नये.