ताळेबंद शस्त्रक्रियेचा

दिवसाचे व्यवहार आटोपल्यावर रोकड आणि खतावणी यांचा मेळ बसल्याखेरीज बँकेचा दिवस संपत नाही. फरक एका रुपयाचा असला तरी तो शोधावाच लागतो. रुग्णालयांनीही असाच मेळ घालावा, असा आग्रह शंभराहून अधिक वर्षांपूर्वी अमेरिकेतील एका शल्यविशारदाने धरला आणि त्याची पुरेपूर किंमत मोजली. त्यांचे नाव डॉ. अर्नेस्ट कॉडमन.

१८६९ साली बॉस्टन येथे जन्मलेल्या कॉडमन यांनी हार्वर्डमधून वैद्यकीय शिक्षण घेतले. मॅसॅच्युसेट्स जनरल या नामांकित रुग्णालयात काम करताना त्यांना एक उणीव सतत जाणवे. किती शस्त्रक्रिया झाल्या याची मोजदाद होई. परंतु घरी गेलेला रुग्ण खरोखर बरा झाला का, हे पाहण्याची रीत नव्हती. त्यावर त्यांनी साधा उपाय सुचविला. प्रत्येक रुग्णासाठी एक कार्ड ठेवावे. लक्षणे, निदान, उपचार आणि गुंतागुंत त्यावर नोंदवावी. वर्षभराने रुग्णाची पुन्हा तपासणी करावी आणि अपेक्षित गुण आला नसल्यास त्याचे कारण लिहावे. ही त्यांची ‘अंतिम परिणाम’ योजना.

शल्यविशारदांना बढती ज्येष्ठतेनुसार नव्हे, तर परिणाम पाहून मिळावी, ही त्यांची मागणी मान्य झाली नाही. १९१४ मध्ये त्यांनी राजीनामा दिला. तत्पूर्वी, १९११ मध्येच, त्यांनी स्वतःचे छोटेसे रुग्णालय काढले होते. तेथून १९१६ पर्यंत ३३७ रुग्ण घरी गेले आणि त्यांच्या उपचारांत १२३ चुका झाल्याचे कॉडमन यांनी स्वतःच नोंदविले. चूक ज्ञानाची, निर्णयाची, निदानाची की साधनांची, अशी वर्गवारीही केली. एवढ्यावर न थांबता हा हिशेब पदरमोड करून छापला आणि इतर रुग्णालयांना पाठविला.

१९१५ मध्ये एका सभेत त्यांनी व्यंगचित्राद्वारे बॉस्टनच्या वैद्यकविश्वाचे ढोंग उघडे केले. परिणामी हार्वर्डमधील अध्यापनाचे पद गेले, सहकारी दुरावले.

तरीही त्यांचे म्हणणे खरे ठरले. अमेरिकन शल्यविशारदांच्या महाविद्यालयाने किमान निकष ठरवून १९१८ मध्ये शंभर वा अधिक खाटांच्या ६९२ रुग्णालयांची पाहणी केली; निकषांस उतरली अवघी ८९. यादी वृत्तपत्रांच्या हाती लागू नये म्हणून ती जाळण्यात आली! मात्र रुग्णालयांच्या तपासणीचा पायंडा पडला, आणि त्यातूनच पुढे १९५१ मध्ये अमेरिकेत रुग्णालयांना मान्यता देणारी संयुक्त संस्था उभी राहिली.

१९४० मध्ये कॉडमन निवर्तले. त्यांच्या दफनस्थळी साधी शिळाही नव्हती. ती २०१४ मध्ये बसविण्यात आली.

आपल्या ग्राहकांनी यातून काय घ्यावे? पासबुकातील नोंदी आपण जितक्या काटेकोरपणे तपासतो, तितक्याच दक्षतेने उपचारांची कागदपत्रेही पाहावीत. आपल्या देशातील वैद्यकीय व्यावसायिकांसाठीच्या २००२ च्या आचारनियमांनुसार रुग्णाने मागणी केल्यास ७२ तासांत नोंदी देणे डॉक्टरांवर बंधनकारक आहे. त्या मागण्यात संकोच कसला? हिशेब मागणे म्हणजे अविश्वास दाखविणे नव्हे. विश्वास टिकतो तो चोख हिशेबावरच, मग तो ठेवींचा असो वा आरोग्याचा.