चंदेरीचे समुद्रापारचे सोयरे

बदलापूर सोडून लोकल वांगणीकडे निघाली की उजव्या हाताला डोंगरांची रांग सोबत धरते. त्यातला माथ्यावर उघड्या कातळाचा सुळका मिरवणारा डोंगर म्हणजे चंदेरी. याच रांगेतल्या माथेरानचं नाव सगळ्यांच्या तोंडी आहे. चंदेरीला रोज हजारो डोळे पाहतात, पण त्याची कुळकथा फार थोड्यांना ठाऊक आहे, आणि ती ठाऊक असायलाच हवी अशी आहे.

सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी आपला भूखंड विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता. आज जिथे रियुनियन बेट आहे, तिथल्या भूगर्भातून वर येणाऱ्या तप्त झोतावरून तो सरकत होता, असं बहुतेक भूशास्त्रज्ञ मानतात. जमीन भेगाळली, लाव्हा पसरला, थिजला, त्यावर पुन्हा पसरला. दख्खनचा काळा दगड असा थराथरानं साचला. पुढे भूखंड उत्तरेला निघून गेला. झोत मात्र मागेच राहिला आणि समुद्रतळातून डोंगर उभे करत राहिला. मालदीवची प्रवाळबेटं अशाच बुडालेल्या ज्वालामुखींवर वसली आहेत. त्यानंतर मॉरिशस, शेवटी रियुनियन. तिथला ज्वालामुखी अजून धगधगतो.

मॉरिशसचं सर्वोच्च शिखर अवघं 828 मीटरचं. एकोणिसाव्या शतकात गुलामगिरी संपल्यावर तिथल्या उसाच्या मळ्यांत राबायला कोकणातून मराठी माणसं नेली गेली. त्यांचे वंशज आजही तिथे गणपती बसवतात. घरदार सोडून इतक्या दूर गेलेल्या त्या माणसांनी ज्या मातीत ऊस लावला, ती त्यांच्या गावच्या डोंगरांच्याच कुळातली होती. हे मला फार हलवून जातं.

मग इकडे चंदेरीची रांग सह्याद्रीपासून सुटी का उभी? पूर्वी हे थर थेट सह्याद्रीपर्यंत सलग होते. पावसानं आणि नद्यांनी ते कोरले, सह्याद्रीची कड मागे हटली आणि मध्ये उल्हासचं खोरं उघडलं. माथेरान, चंदेरी, मलंगगड हे त्या झिजेतून वाचलेले अवशेष. पूर्व उतारावरचं पाणी उल्हासला मिळतं, पश्चिमेचं पनवेलकडे जातं. त्या पाण्याचा जोर 27 जुलै 2019 ला साऱ्या देशानं पाहिला. बदलापूर-वांगणीदरम्यान महालक्ष्मी एक्स्प्रेस पुरात अडकली आणि हजाराहून अधिक प्रवाशांना बाहेर काढावं लागलं.

माणसानं या दगडाचं सोनंही केलं. अंबरनाथचं शिलाहारकालीन शिवमंदिर याच काळ्या पाषाणाचं. तिथल्या शिलालेखात शके 982, म्हणजे इ.स. 1060, असा काळ आहे. चंदेरी हाही एक गड, पण त्यावर किल्ला म्हणण्याजोगं बांधकाम थोडंच उरलं आहे: तटाचे अवशेष, पाण्याची टाकी आणि सुळक्याखालची गुहा. तो बहुधा टेहळणीपुरताच असावा; त्याला याहून मोठ्या पसाऱ्याची गरजही नव्हती.

डोंगरासमोरचं शहर मात्र वाढत गेलं: 2001 ते 2011 या दहा वर्षांत कुळगाव-बदलापूरची लोकसंख्या सुमारे 98 हजारांवरून पावणेदोन लाखांच्या घरात गेली. नव्यानं आलेल्यांनी, विशेषतः मुलांनी, हा डोंगर जवळून पाहावा. पावसाळ्यात घसाऱ्याची वाट धोक्याची असते आणि सुळका अनुभवी गिर्यारोहकांसाठीच सोडावा. दिवाळीनंतर पायथ्याच्या चिंचवलीहून जाणत्या वाटाड्यासोबत गुहेपर्यंत जावं. तिथून पूर्वेला खोऱ्यापलीकडे सह्याद्रीची भिंत दिसते. तिच्या अंगावरचे आडवे पट्टे मुलांना दाखवावेत; एकेका पट्ट्यात लाव्हाचे लोट गोठलेले आहेत.