राहू : आकाशात नसलेला ग्रह

भारतीय परंपरेने नऊ ग्रह मानले आहेत. त्यांपैकी सूर्य, चंद्र, मंगळ, बुध, गुरू, शुक्र आणि शनी हे सात डोळ्यांना दिसतात. राहू आणि केतू हे उरलेले दोन मात्र कोणालाही, कोणत्याही दुर्बिणीतून दिसलेले नाहीत; कारण त्यांना पिंडच नाही. तरीही कोणार्कच्या नवग्रहशिळेवर राहू इतर ग्रहांच्या रांगेत, कमरेखालचे अंग नसलेला आणि उग्र मुद्रेचा असा बसलेला आहे. जी वस्तू अस्तित्वातच नाही, तिला आकाशात एवढे मानाचे स्थान कसे मिळाले, याचा इतिहास उद्बोधक आहे.

ग्रहणाचे सर्वांत जुने भारतीय वर्णन ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलात आढळते. स्वर्भानू नावाच्या असुराने सूर्याला अंधाराने ग्रासले आणि अत्री ऋषींनी तो पुन्हा शोधून काढला, असे तेथे सांगितले आहे. राहूचे नाव तेथे नाही. ते अथर्ववेदात येते. महाभारतातील समुद्रमंथनाच्या आख्यानात या असुराला सर्वपरिचित रूप प्राप्त झाले. देवाचे रूप घेऊन राहू अमृत पिऊ लागला. सूर्यचंद्रांनी ते उघडकीस आणले. विष्णूने चक्राने त्याचे मस्तक उडविले. परंतु अमृत कंठापर्यंत पोहोचले होते. त्यामुळे मस्तक अमर झाले आणि ते त्या दोघांवर सूड उगवू लागले. केतूची प्रतिष्ठा त्यामानाने उशिराची आहे. भुवनेश्वर येथील सातव्या शतकातील परशुरामेश्वर मंदिरावर आठच ग्रह कोरलेले आहेत. त्यांत केतू नाही. वराहमिहिराच्या ‘बृहत्संहिते’तील केतूंचे प्रकरणही मुख्यतः धूमकेतूंविषयी आहे.

आता ज्योतिर्गणिताकडे वळू. अमावास्येला चंद्र सूर्याच्या दिशेला असतो आणि पौर्णिमेला त्याच्या समोर. असे असूनही दर महिन्याला ग्रहणे होत नाहीत. याचे कारण असे की, चंद्राची कक्षा सूर्याच्या भासमान मार्गाशी सुमारे ५ अंशांचा कोन करते. चंद्रबिंबाचा व्यास अर्धा अंश आहे. म्हणजे चंद्र सूर्यमार्गापासून आपल्या बिंबाच्या दहापट अंतरापर्यंत वर किंवा खाली जाऊ शकतो. हे दोन मार्ग ज्या दोन बिंदूंत एकमेकांना छेदतात त्यांना ‘पात’ म्हणतात. अमावास्या किंवा पौर्णिमा पाताजवळ घडली, तरच ग्रहण होते. हे पातही स्थिर नसतात. ते उलट्या दिशेने सरकत सुमारे १८.६ वर्षांत एक फेरी पुरी करतात. राहू म्हणजे यांपैकी एक बिंदू; समोरच्या दुसऱ्या बिंदूला पुढे केतू हे नाव मिळाले. आर्यभटाने ४३,२०,००० वर्षांच्या युगात चंद्रपाताच्या २,३२,२२६ फेऱ्या दिल्या आहेत. भागाकार केला, तर एका फेरीस १८.६ वर्षेच येतात. दैत्याला शरीर नव्हते. परंतु त्याच्या गतीचे गणित अचूक होते.

आर्यभटाने इ. स. ४९९ च्या ‘आर्यभटीया’त कारणही स्पष्ट केले: सूर्याला चंद्र झाकतो आणि चंद्राला पृथ्वीची छाया. सहाव्या शतकात वराहमिहिराने त्याला निरीक्षणाची जोड दिली. चंद्र पूर्वेकडे सरकत छायेत शिरतो, म्हणून चंद्रग्रहणाची सुरुवात त्याच्या पूर्वकडेपासून होते. सूर्याला तो पश्चिमेकडून येऊन गाठतो, म्हणून सूर्यग्रहण पश्चिमकडेपासून लागते. पृथ्वीची छाया मोठी असल्याने अर्धग्रस्त चंद्राची टोके बोथट दिसतात. सूर्याला झाकणारा चंद्र लहान असल्याने सूर्याची टोके तीक्ष्ण दिसतात. गिळणारा एकच असता, तर हा भेद पडला नसता.

एवढे सांगूनही वराहमिहिराने तडजोडीची वाट ठेवली. ग्रहणकाळी दिलेल्या दानाचा व हवनाचा वाटा राहूला मिळावा, असा ब्रह्मदेवाचा वर आहे आणि त्यामुळे लोक ग्रहणाचा संबंध त्याच्याशी जोडतात, असे त्याने म्हटले. ब्रह्मगुप्त याच्याही पुढे गेला. इ. स. ६२८ च्या ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्ता’त त्याने आर्यभट, वराहमिहिर आदींना दोष दिला, राहूला नाकारणे हे श्रुतिस्मृतींच्या विरुद्ध आहे, असा त्याचा आक्षेप होता. मात्र त्याच ग्रंथात त्याने ग्रहणाचे गणित केले ते चंद्रबिंबाच्या आणि पृथ्वीच्या छायेच्या मापांवरूनच. सुमारे चार शतकांनंतर, इ. स. १०३० च्या सुमारास, भारताविषयी लिहिताना अल्बेरुनीने नेमके यावरच बोट ठेवले. एवढ्या थोर गणितज्ञाने असे लिहावे याचे त्याला नवल वाटले. सॉक्रेटिसाच्या वाट्याला जे आले त्याची आठवण देऊन त्याने सुचविले की, लोकमताच्या भयाने ब्रह्मगुप्ताला तसे लिहावे लागले असावे. बाराव्या शतकात भास्कराचार्यांनीही समन्वय साधला: राहू छायेत शिरून चंद्राला आणि चंद्रात शिरून सूर्याला झाकतो, असे त्यांनी लिहिले. अशा रीतीने गणित निर्वेध चालू राहिले आणि दैत्यही सुखरूप राहिला.

या तडजोडीमुळे शास्त्राचे नुकसान झाले नाही. झाले ते समाजाचे. पंचांगकर्त्याला ग्रहणाची वेळ आधी ठाऊक असे आणि ज्यांच्यासाठी तो पंचांग करी त्यांना भय तेवढे ठाऊक असे. १६ फेब्रुवारी १९८० रोजी खग्रास सूर्यग्रहण भारतातून दिसले, तेव्हा भर दुपारी अनेक शहरांतील रस्ते ओस पडले होते. २४ ऑक्टोबर १९९५ च्या ग्रहणाच्या वेळी चित्र बरेच पालटले. राजस्थानपासून बंगालपर्यंत छायेच्या वाटेवर असंख्य लोक सुरक्षित चष्मे घेऊन उभे होते. ज्या बिंदूला राहू म्हणतात तो त्या दिवशीही आकाशात कोठे दिसला नाही; दिसली ती केवळ चंद्राची छाया, आर्यभटाने सांगितली होती तशी.