लातूरचं सोयाबीन, शोदोशिमाची पिंपं

लातूरच्या आडत बाजारात सोयाबीनचा सौदा निघाला की तो आकडा काही मिनिटांत नांदेडच्या नव्या मोंढ्यात, अहमदपूर-उदगीरला आणि गावोगावच्या मोबाइलवर पोचतो. विष्णुपुरीहून लातूर रस्त्याने लोह्याकडे निघालं तर श्रावणात दोन्ही अंगांना सोयाबीनच दिसतं. शंकरसागर जलाशयाचं पाणी उसाला आणि केळीला जातं, पण कोरडवाहू रान बहुतेक सोयाबीनचं. मागच्या तीसेक वर्षांत या पिकाने आपली खरिपाची ज्वारी, मूग, उडीद बाजूला सारले. जबलपूरचं जेएस-335, परभणीच्या कृषी विद्यापीठाचं एमएयूएस-71, राहुरीचं फुले संगम ही नावं इथल्या शाळकरी पोरांनाही पाठ असतात.

एवढं पिकवूनही आपल्या चुलीला सोयाबीन ठाऊक नाही. बनीम लागते, मळणी होते, पोती भरतात, दिवाळीच्या आधी माल मोंढ्यावर जातो. आडत्याच्या दारात ओलावा मोजला जातो, डागी दाणे पाहिले जातात, भाव ठरतो. तिथून माल सॉल्व्हंट प्लँटला. तिथे दाणे दाबून पापुद्र्यासारखे केले जातात आणि हेक्झेन नावाच्या द्रावकाने तेल ओढून घेतलं जातं. शंभर किलोतून साधारण अठरा किलो तेल निघतं. उरलेली पेंड, म्हणजे व्यापाऱ्यांच्या भाषेतली डीओसी, कोंबड्यांच्या खाद्यात जाते. सोयाबीनमधलं जवळजवळ सगळं प्रथिन त्या पेंडीत असतं.

जपानमध्ये उलटं आहे. तिथे सोयाबीन फार थोडं पिकतं, बहुतांश बाहेरून आणावं लागतं. पण तिथल्या स्वयंपाकघरात सोयाबीनवाचून पान हलत नाही, आणि त्याच्या मुळाशी आहेत खेड्यापाड्यांतली सोया सॉस मुरवणारी जुनी घरं. काही घराण्यांनी ती दीड-दोनशे वर्षं चालवली आहेत. ही घरं पाहायला आता जगभरातून माणसं जातात. सोयाबीनच्या मुलखातल्या माणसाने तर ती समजून घ्यायलाच हवीत, असं मला मनापासून वाटतं.

या धंद्याचं मूळ वाकायामा प्रांतातल्या युआसा गावात सांगतात. तेराव्या शतकात काकुशिन नावाचा बौद्ध भिक्षू चीनहून मिसो, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचं वाटण, मुरवण्याची एक रीत शिकून आला, आणि त्या मिसोच्या भांड्यात साचलेल्या रसातून सोया सॉसची कल्पना सुचली, अशी ती कथा. युआसाच्या जुन्या गल्ल्यांत आजही लाकडी जाळीच्या खिडक्यांची घरं आहेत, आणि 1841 पासून चालत आलेलं कादोचो हे घराणंही तिथलंच. तोक्योजवळचं नोदा हे दुसरं मोठं ठिकाण. तिथल्या मोगी आणि ताकानाशी कुटुंबांनी 1917 मध्ये आपले कारखाने एकत्र केले, आणि त्यातूनच आजची किक्कोमान कंपनी उभी राहिली. पण जुनी रीत जशीच्या तशी पाहायची तर शोदोशिमा बेटावर जावं.

शोदोशिमा हे कागावा प्रांतातलं, सेतो अंतर्देशीय समुद्रातलं बेट. ताकामात्सू बंदरातून बोटीने जायचं. चारशे वर्षांपूर्वी या बेटावर मीठ भरपूर होतं. मीठ असलं की मुरवण्याचा धंदा मांडता येतो, आणि जलमार्गाने ओसाकाची बाजारपेठही जवळच होती. आज बेटावर सोया सॉसचे वीसेक कारखाने आहेत. त्यांच्या वस्तीत शिरलं की फळ्यांच्या भिंती, कौलं, खांब काळे पडलेले दिसतात. हे मुरवणाच्या सोबतीने वाढणाऱ्या बुरशीचं काम आहे. कोणी ते खरवडून काढत नाही, कारण त्या घरातले जिवाणू, यीस्ट आणि बुरशी हीच त्या घराची खरी मालमत्ता मानतात.

कृती सांगायला सोपी आहे. सोयाबीन वाफवायचं. गहू भाजून भरडायचा. दोन्ही एकत्र करून त्यावर कोजी नावाच्या बुरशीचं बियाणं भुरभुरायचं. उबदार, दमट खोलीत साधारण तीन दिवसांत दाण्यांवर हिरवट-पिवळी लव येते. मग ते सगळं मिठाच्या पाण्यात सोडायचं. मीठ इतकं कडक असतं की बुरशी मरते, पण तिने सोडलेली विकरं काम करत राहतात. ती प्रथिनांची फोड करून अमिनो आम्लं बनवतात, गव्हातल्या पिठाची साखर करतात. मीठ सोसणारे जिवाणू आणि यीस्ट मागून येतात आणि आंबटपणा, सुगंध, रंग देतात. तोक्योच्या किकुनाए इकेदा या रसायनशास्त्रज्ञाने 1908 मध्ये समुद्री शेवाळाच्या रश्शातून जी चव वेगळी काढून तिला उमामी म्हटलं, तीच चव इथे सोयाबीनच्या प्रथिनातून सुटते. आपण पेंड म्हणून कोंबड्यांना घालतो, तेच प्रथिन.

या मिश्रणाला मोरोमी म्हणतात. ते मुरतं ते सुगी नावाच्या जपानी देवदाराच्या लाकडाच्या उघड्या पिंपांत. पिंपाला किओके म्हणतात. माणसाहून उंच, बांबूच्या वेटोळ्यांनी आवळलेलं, आत हजारो लिटर माल. हिवाळ्यात मोरोमी निपचित असते, उन्हाळ्यात बुडबुडे काढते. एक वर्ष, दोन वर्षं, कुठे चारसुद्धा. मग कापडाच्या घड्यांत भरून हळूहळू दाबायचं. अख्ख्या दाण्याचं तेल रसावर तरंगतं, ते वेगळं काढायचं, आणि शेवटी रस तापवून बाटल्या भरायच्या. आजीच्या लोणच्याच्या बरणीला जसा वर्षानुवर्षांचा वास धरतो, तसा या पिंपांच्या फळ्यांत जिवाणूंचा मुक्काम असतो. म्हणून नव्या पिंपापेक्षा शंभर वर्षांच्या पिंपाची किंमत अधिक.

आज जपानमध्ये खपणाऱ्या सोया सॉसपैकी जेमतेम एक टक्का लाकडी पिंपात मुरलेला असतो. बाकीचा मोठ्या टाक्यांत, तापमान सांभाळून, काही महिन्यांत तयार होतो, आणि तो बहुतांशी तेल काढलेल्या सोयाबीनपासून, म्हणजे पेंडीपासूनच बनतो. ही पद्धत युद्धानंतरच्या टंचाईच्या काळात रुळली. त्या सॉसला कमी लेखायचं कारण नाही, कोट्यवधी घरं त्यावर चालतात. पण पिंपांचं काय होणार हा प्रश्न उरला होता.

त्या प्रश्नाचं मूळ साके दारूच्या धंद्यात आहे. पूर्वी नवं पिंप आधी साकेवाला घ्यायचा. वीस-तीस वर्षांत त्याचं लाकूड दारूच्या कामाला जुनं झालं की तेच पिंप सोया सॉसवाल्याकडे जायचं आणि तिथे आणखी शंभर वर्षं राबायचं. युद्धानंतर साकेवाल्यांनी धातूच्या टाक्या बसवल्या, आणि ही साखळी तुटली. पिंपं बांधणारे सुतार कमी होत गेले. अखेर ओसाकाजवळच्या साकाई शहरात एवढी मोठी पिंपं बांधणारी एकच कार्यशाळा उरली. शोदोशिमाच्या यामारोकु घराण्यातल्या पाचव्या पिढीचे यासुओ यामामोतो यांनी तिथून नवी पिंपं मागवली, आणि हे काम आता आपणच शिकलं नाही तर नातवंडांच्या वेळी पिंप दुरुस्त करायलाही कोणी नसेल हे त्यांनी ओळखलं. 2012 मध्ये ते दोन सुतार मित्रांना घेऊन साकाईला शिकायला गेले. पुढच्या वर्षी त्यांनी बेटावर पहिलं पिंप बांधलं. तेव्हापासून दर जानेवारीत देशभरातले मुरवणारे, एरवी एकमेकांचे स्पर्धक असलेले, तिथे जमतात आणि पिंप बांधायला शिकतात. या सगळ्या गोष्टीत मला सर्वांत मोठं वाटतं ते हेच.

ही पिंपं ज्यांच्याकडून यायची, ती साकेची घरं वेगळी. दाराशी सुगीच्या पाल्याचा हिरवा गोळा टांगला की नवी साके आली असं समजायचं. पाला तपकिरी होत जातो तशी साकेही जुनी होत जाते. तांदूळ घासून, वाफवून, त्यातल्या काही भागावर तीच कोजी वाढवतात. पिठाची साखर आणि साखरेची दारू ही दोन्ही कामं एकाच टाकीत एकाच वेळी चालतात. भेटीला येणाऱ्याने त्या दिवशी नात्तो खाऊन येऊ नये, असं अनेक ठिकाणी बजावतात. नात्तो म्हणजे आंबवलेलं सोयाबीन, आणि त्यातला जिवाणू इतका चिवट की कपड्यावरून शिरून कोजी बिघडवू शकतो. साके बनवणारे मुख्य कारागीर, तोजी, परंपरेने शेतकरीच. बर्फाच्या मुलखातले, हिवाळ्यात शेत झाकलं गेलं की टोळी घेऊन साकेच्या गावी जायचे आणि वसंतात परतायचे. बीड-लातूरकडच्या ऊसतोड टोळ्या पाहिलेल्या माणसाला हे दृश्य ओळखीचं वाटेल. फरक असा की तोजीच्या हातातल्या कौशल्याचा मान होता, घराण्याची साके त्याच्या नावावर ओळखली जायची. डिसेंबर 2024 मध्ये युनेस्कोने कोजीच्या साहाय्याने साके बनवण्याच्या या ज्ञानाची मानवाच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत नोंद केली.

आता आपल्याकडे पाहू. सोयाबीन आहे. गहू आहे. मीठ स्वस्त आहे. विष्णुपुरीत स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठात सूक्ष्मजीवशास्त्र शिकवलं जातं, पलीकडेच गुरु गोबिंदसिंघजी अभियांत्रिकी संस्थेत रासायनिक अभियांत्रिकी. आपला उन्हाळा मोरोमीला फार कडक पडेल. तापमान चढलं की मुरवण घाईने होतं आणि सुगंध कमी येतो, त्यामुळे जाड भिंतीची, थंड जागा लागेल. हे सगळं जमण्यासारखं आहे.

जमत नाही ते थांबणं. शोदोशिमाचा माणूस दोन वर्षं माल पिंपात ठेवतो, कारण मागच्या वर्षीचं पिंप या वर्षी विकायला तयार असतं. आपल्या शेतकऱ्याला मळणीनंतर दोन आठवडेही थांबता येत नाही. कृषी केंद्राची उधारी, दिवाळी, रब्बीचं बियाणं. 2025-26 साठी हमीभाव क्विंटलला 5,328 रुपये जाहीर झाला, आणि बाजारात त्याहून खाली विकून मोकळे झालेले कितीतरी. थांबण्याची एक सोय सरकारी कागदावर आहे: पणन मंडळाची शेतमाल तारण योजना. माल बाजार समितीच्या गोदामात ठेवायचा, किमतीच्या 75 टक्क्यांपर्यंत कर्ज घ्यायचं, सहा टक्के व्याज, मुदत 180 दिवस. मला ही योजना फार मोलाची वाटते, आणि गावात तिची माहिती असलेली माणसं फार कमी भेटतात. एखाद्या शेतकरी कंपनीने त्या आधारावर थोडं सोयाबीन राखलं आणि एकच पिंप भरून पाहिलं, तर पहिला सॉस निघेपर्यंत 180 दिवसांची मुदत तीन-चार वेळा संपलेली असेल. तेवढ्या काळाचं व्याज कोण भरणार, हे आधी ठरवावं लागेल. पिंप बांधणं त्यानंतरचं काम.